काळ्या मातीच्या इंदुरात अनंत, अझेलिया आणि हेदरसाठी आम्लधर्मी माती

पानं पिवळी, शिरा मात्र हिरव्या. जुलैत हौसेनं आणलेला अनंत दिवाळीपर्यंत असा दिसू लागला की इंदुरातली बहुतेक मंडळी आधी शेणखत घालतात, मग हिराकस (लोहाचं सल्फेट), मग कुणीतरी सांगितलं म्हणून तुरटी. होळीच्या सुमारास झाड उपटून त्या जागी मोगरा लावला जातो. खरं तर खत कमी पडलेलंच नसतं. माळव्याच्या काळ्या मातीत चुनखडी असते, आणि चुना असलेल्या मातीतलं लोह या झाडांच्या मुळांना उचलता येत नाही. लोह भरपूर असतं, पण कुलूपबंद.

हे दुरुस्त करता येतं, पण मातीत काहीतरी 'घालून' नव्हे. चुना तीन वाटांनी परत येतो: खालच्या जमिनीतून, वरून घातलेल्या पाण्यातून आणि शेजारच्या सिमेंटमधून. तिन्ही वाटा बंद केल्या तरच माती आम्लधर्मी राहते. म्हणून पुढचा क्रम बदलू नका. रोप आणायचं ते सगळ्यात शेवटी.

१. झाड नेमकं कोणतं, ते आधी ठरवा

खरं हेदर, म्हणजे कॅलूना, हे स्कॉटलंडच्या थंड, ओल्या माळरानांवरचं झुडूप. त्याला सामू, म्हणजे पीएच (७ च्या खाली आम्लधर्मी, वर अल्कधर्मी), ४.५ ते ५.५ लागतो. तो वाफ्यात साधता येईल, पण मे महिन्यातले ४० अंशांपुढचे दिवस आणि गरम रात्री त्याला सोसत नाहीत. इंदुरात त्याच्यामागे पैसे घालवू नका. परदेशातून कुणी बिया आणल्या असतील तर त्या थंड हवेच्या डोंगराळ गावातल्या नातेवाइकांना द्या.

इथल्या नर्सरीत 'हेदर' किंवा 'फॉल्स हेदर' म्हणून मिळतं ते बहुधा क्युफिया असतं. बारीक पानं, इवलीशी जांभळी फुलं, वाफ्याच्या कडेला लावतात ते. ते मूळचं मेक्सिको आणि मध्य अमेरिकेकडचं. त्याला आम्लधर्मी माती लागत नाही. निचरा चांगला असला आणि कंपोस्ट घातलं की झालं. तुम्हाला तेच लावायचं असेल तर हा लेख इथेच सोडायला हरकत नाही.

हा सगळा खटाटोप ज्यांच्यासाठी आहे ती झाडं म्हणजे अझेलिया आणि ब्लूबेरी (ही दोन्ही हेदरच्याच कुळातली), अनंत, इक्झोरा, आणि निळी फुलं हवी असतील तर हायड्रेंजिया. ब्लूबेरी ४.५ ते ५.५ मागते, अझेलिया ६ पर्यंत चालवून घेते, अनंत आणि इक्झोरा ६.५ पर्यंत कसंबसं जमवतात. एकाच वाफ्यात दोन-तीन लावायची असतील तर ५.५ हे लक्ष्य धरा. ब्लूबेरीसाठी वेगळी कुंडी बरी. आणि खरं सांगायचं तर, पहिल्यांदा करताय तर अनंतापासून सुरुवात करा. अझेलिया इंदूरच्या उन्हाळ्यात लाड करून घेते.

२. जमीन तपासा

दोन तपासण्या, दोन्ही घरी होतात.

पहिली चुन्याची. एक फूट खोलीवरची मूठभर माती घ्या, उन्हात खडखडीत वाळवा, कुटून बारीक करा आणि त्यावर चमचाभर पांढरं व्हिनेगर टाका. फसफसली तर त्यात चुनखडी आहे. बुडबुडे बारीक असतात, म्हणून वाटी कानाजवळ धरून ऐका. मातीत पांढरे, बोराएवढे कंकर, म्हणजे चुन्याचे खडे, दिसत असतील तर चाचणीचीही गरज नाही.

दुसरी सामूची. २० ग्रॅम माती, ५० मिलिलिटर डिस्टिल्ड पाणी. ढवळा, अर्धा तास ठेवा, गाळ बसू द्या, वरच्या नितळ पाण्यात पट्टी बुडवा. डिस्टिल्ड पाणी बॅटरीच्या दुकानात मिळतं, फक्त बाटलीत पाणीच आहे, बॅटरीचं ॲसिड नाही, याची खात्री करून घ्या. बोरिंगचं पाणी वापरलं तर तुम्ही माती नाही, बोरिंग तपासाल. १ ते १४ अशा सरसकट पट्ट्यांऐवजी ४ ते ७ च्या आसपास बारीक टप्पे दाखवणाऱ्या पट्ट्या घ्या. मातीत खुपसायचे स्वस्तातले काट्याचे मीटर घेऊ नका. त्यांचा आकडा ओलीप्रमाणे बदलतो.

इंदूरच्या काळ्या मातीचा सामू साधारण ७.५ ते ८.५ येतो. आकडा हवाच असेल तर माती प्रयोगशाळेत द्या. कस्तुरबाग्रामला कृषी विज्ञान केंद्र आहे, तिथे आधी चौकशी करा. अहवालात सामूबरोबर मुक्त चुनखडीचं प्रमाणही मागा. आपल्या कामाला तोच आकडा जास्त महत्त्वाचा.

का, ते या हिशोबातून कळेल. एक घनफूट काळी माती साधारण ३६ किलो भरते. तिच्यात ५ टक्के चुनखडी असली तर ती झाली १.८ किलो. एक किलो गंधक मातीत पूर्ण मुरला की सुमारे ३ किलो चुनखडी संपवतो. म्हणजे घनफुटाला जवळजवळ ६०० ग्रॅम गंधक फक्त चुना संपवायला, आणि तोवर सामू जागचा फारसा हलतही नाही. चार बाय तीन फुटांच्या, दीड फूट खोल वाफ्याला दहा किलोंहून जास्त गंधक लागेल, आणि तयार होणाऱ्या क्षारांनी मुळांचे हाल होतील ते वेगळे. एवढं करून आजूबाजूची जमीन पुढच्या पावसात पुन्हा चुना देणारच.

सावधान: 'जरा व्हिनेगर ओता', 'लिंबू पिळा', 'कॉफीचा चोथा घाला' हे सल्ले चुनखडीच्या मातीत निरुपयोगी आहेत. व्हिनेगरचा परिणाम टिकत नाही, वापरलेला कॉफीचा चोथा जवळजवळ उदासीन असतो, आणि आपल्याकडची चहापत्ती दूध-साखरेसकट येते, तिला मुंग्या आणि बुरशी लागते. एप्सम सॉल्ट आणि जिप्सम यांनी सामू खाली येत नाही. त्यांची कामं वेगळी आहेत.

निष्कर्ष सरळ आहे: काळी माती सुधारायची नाही, तिच्या वर वेगळी माती मांडायची.

३. जागा आणि वाफा

सकाळी दहा-अकरापर्यंत ऊन आणि नंतर सावली, अशी पूर्वेकडची जागा उत्तम. पश्चिमेच्या भिंतीलगत लावलं तर मेमध्ये भिंतच झाड भाजते. भिंतीपासून निदान दोन फूट दूर राहा. कारण फक्त उष्णता नाही: प्लास्टर, फरशीखालचं काँक्रीट, बांधकामाच्या वेळी पुरलेला मलबा, सगळ्यातून चुना झिरपतो. नवीन घर असेल तर सब्बल (पहार) मारून पाहा. हातभर खाली विटांचे तुकडे आणि सिमेंटचे गोळे निघाले तर जागा बदला.

आता सर्वांत मोठी चूक: खड्डा. दोन फूट खणून काळी माती काढायची आणि त्यात छान माती भरायची, हे समजूतदारपणाचं वाटतं, पण काळी माती भिजली की फुगते, तिच्या भेगा मिटतात आणि पाणी खाली उतरणं जवळपास थांबतं. जुलै-ऑगस्टमध्ये तो खड्डा हौद होतो. मुळं कुजतात, झाड कोमेजतं, आणि कोमेजलं म्हणून आपण आणखी पाणी घालतो.

म्हणून वाफा जमिनीच्या वर, दीड फूट उंच. करायचं असं:

आधी जागेवरची काळी माती फावड्याने ओढून मधे चार-पाच इंच उंच आणि कडेला उतरती करा. पाणी मधे थांबता कामा नये. त्यावर झिरपणारं कापड अंथरा, म्हणजे जिओटेक्स्टाइल किंवा तण रोखायची विणलेली चटई. प्लास्टिकचा कागद नको, त्यावर पाणी साचतं. कडा उभ्या करायला लाकडी फळ्या, पत्र्याच्या पट्ट्या किंवा विटा वापरा. विटा रचायच्या, सिमेंटने जोडायच्या नाहीत. गवंडी 'भैया, दो तगारी माल लगा देते हैं, पक्का हो जाएगा' म्हणेल. त्याला नको म्हणा, त्या पक्केपणातून वर्षानुवर्षं चुना सुटतो.

अंगण नसेल तर १८ ते २४ इंची ग्रो-बॅग किंवा प्लास्टिकची कुंडी चालते, आणि चुन्याच्या दृष्टीने ती वाफ्यापेक्षा सुरक्षित. सिमेंटची कुंडी अजिबात नको. कुंडीच्या तळाला खडीचा थर देऊ नका. त्याने निचरा वाढत नाही, पाणी त्या थराच्या वरच अडून राहतं. भोकावर जाळीचा तुकडा पुरे.

तपासा: मांडलेल्या कापडावर दोन बादल्या पाणी ओता. ते कडेने निघून गेलं पाहिजे. मधे डबकं दिसलं तर उतार पुन्हा करा. माती भरल्यावर हे दुरुस्त करता येत नाही.

४. साहित्य, आणि त्यातली प्रत्येक गोष्ट संशयाने बघा

चार बाय तीन फुटांच्या वाफ्याला साधारण ५१० लिटर मिश्रण लागतं. ते खाली बसतं, म्हणून ६०० लिटर तयार करा. आकारमानाने प्रमाण: कोकोपीट ४, पानांचं कुजलेलं खत २, भरड वाळू २, झाडाच्या सालीचे तुकडे किंवा पेरलाइट (हलके, सच्छिद्र पांढरे दाणे) १, चुना नसलेली लाल माती १. एकच तगारी मोजायला ठेवली की हिशोब चुकत नाही.

कोकोपीट: पाच किलोची वीट भिजल्यावर सुमारे ७० लिटर होते. म्हणजे चार विटा घ्या. कोकोपीटमध्ये मीठ असू शकतं, ते न धुता वापरणं ही सर्रास होणारी चूक आहे. ड्रममध्ये भिजवा, गोणपाटावर निथळू द्या, दोन-तीनदा करा. आरओ दुरुस्तीवाल्याकडे असतो तो टीडीएस मीटर (पाण्यात विरघळलेले क्षार मोजणारा) इथे कामाला येतो: निथळलेल्या पाण्याचा आकडा घातलेल्या पाण्यापेक्षा दोनशेच्या आत वाढलेला असला की धुणं पुरे. पीट मॉस मिळालं तर ते कोकोपीटपेक्षा बरंच जास्त आम्लधर्मी असतं, सामू ३.५ ते ४.५. पण महाग. ब्लूबेरीच्या कुंडीत अर्धं कोकोपीट, अर्धं पीट मॉस करा. अनंतासाठी तो खर्च नको.

पानांचं खत: फेब्रुवारी ते एप्रिल पानगळीत गोळा केलेली पानं गोणीत ओली करून ठेवली तर वर्षभरात भुगा होतो. आंबा, पिंपळ, वड, काहीही चालतं. फक्त पानंच हवीत, त्यात शेण, स्वयंपाकघरातला ओला कचरा किंवा राख नको.

इथे इंदूरकरांना एक गोष्ट खटकेल. कंपोस्टची 'इंदूर पद्धत' जगभर माहीत आहे. ब्रिटिश कृषिशास्त्रज्ञ अल्बर्ट हॉवर्ड यांनी ती १९२४ ते १९३१ या काळात इथेच बसवली. पण त्या पद्धतीत आम्लता मारायला लाकडाची राख घालतात. भाजीपाल्याला ते खत उत्तम आहे, आपल्या वाफ्याला नेमकं उलटं. शेणखत, गांडूळखत, शहराच्या ओल्या कचऱ्याचं कंपोस्ट, सगळ्यांचा सामू ७ च्या आसपास किंवा वर असतो आणि क्षारही जास्त. यातलं काहीही मिश्रणात नको. हाडांचा चुरा आणि अंड्याची टरफलंही नकोत.

वाळू: बांधकामाची भरड नदीची वाळू, धुतलेली. व्हिनेगर टाकून पाहा, शिंपल्याचे तुकडे असले तर फसफसेल. खडी फोडून केलेल्या वाळूत बारीक भुकटी असते, ती छिद्रं बुजवते.

लाल माती: नर्सरीवाले 'लाल माती' म्हणून देतात ती खरोखर लाल आहे, की पिवळी माती गेरूच्या रंगाची दिसतेय, ते पाहा. व्हिनेगरच्या चाचणीत पास झाली तरच घ्या. नाहीतर तिच्याऐवजी पानांचं खत वाढवा. मुरूम नको, इथल्या मुरमात कंकर सापडतात.

५. मिसळणं, गंधक आणि मुरवणं

एप्रिल-मे हा योग्य काळ. गंधकाचं आम्ल करणारे मातीतले जिवाणू ऊब आणि ओल असली तरच काम करतात, हिवाळ्यात ते संथ होतात.

ताडपत्रीवर सगळं कोरडं-ओलसर मिसळा. मग त्याचा सामू टप्पा २ प्रमाणे तपासा. ५.८ किंवा कमी आला तर गंधक घालायची गरज नाही. ६ ते ६.८ आला तर ६०० लिटरला ३०० ग्रॅम शुद्ध गंधक, म्हणजे ८० टक्क्यांची भुकटी असेल तर ३७५ ग्रॅम. ७ च्या वर आला तर गंधक वाढवू नका. मिश्रणात कुठेतरी चुना शिरला आहे, तो पदार्थ शोधून काढा.

सोयाबीन आणि लसणाच्या शेतकऱ्यांसाठी कृषी सेवा केंद्रांत ९० टक्क्यांचा दाणेदार गंधक मिळतो. तोही चालतो, पण दाणे विरघळून पसरायला वेळ लागतो. पाण्यात मिसळणारी बारीक भुकटी लवकर काम करते. मास्क लावा, डोळे सांभाळा, आणि शेगडी किंवा विडीजवळ ती उघडू नका.

मिश्रण पिळलं तर थेंब पडू नये, मूठ मात्र टिकावी, इतपत ओलं ठेवा. सावलीत ढीग करून गोणपाटानं झाका, आठवड्यातून एकदा उलटा. चार ते सहा आठवडे.

तपासा: ढिगाच्या तीन वेगवेगळ्या जागांतून नमुने घ्या. तिन्ही ५.२ ते ५.८ मध्ये हवेत. एक ४.५ आणि दुसरा ६.५ आला तर गंधक नीट मिसळला नाही. पुन्हा उलटा आणि दोन आठवडे थांबा. घाईने आणखी गंधक घालणाऱ्यांची रोपं ऑगस्टमध्ये जळतात.

तुरटीबद्दल: तिने सामू लगेच उतरतो हे खरं, पण तिच्यातलं ॲल्युमिनियम जास्त झालं तर मुळं आखडतात. निळ्या हायड्रेंजियासाठी जपून वापरा, बाकीच्यांसाठी नको.

६. पाण्याची सोय, रोप आणण्याआधी

उत्तम वाफा वर्षभरात बिघडतो तो इथे. बोरिंगच्या पाण्यात विरघळलेला चुना असतो आणि प्रत्येक बादलीबरोबर तो थोडा थोडा जमा होत जातो. नळाला येणारं नर्मदेचं पाणी बोरिंगपेक्षा बरं, पण तेही आम्लधर्मी नाही. पावसाचं पाणी सगळ्यात चांगलं. १०० चौरस फूट छतावर २५ मिलिमीटर पाऊस पडला तर सुमारे २३० लिटर मिळतं. दोन मोठे प्लास्टिकचे ड्रम एका चांगल्या सरीत भरतात. झाकण घट्ट हवं, नाहीतर डासांची शाळा भरते.

सावधान: उन्हाळ्यात गच्ची थंड राहावी म्हणून चुन्याचा हात मारला असेल तर त्या छताचं पाणी या झाडांना अजिबात नको. सिमेंटच्या टाकीतलंही नको.

पावसाचं पाणी संपलं की नर्मदेचं किंवा आरओचं शुद्ध पाणी. आरओमधून फेकलं जाणारं पाणी नको, त्यात क्षार दाटलेले असतात. बोरिंगशिवाय पर्याय नसेल तर १० लिटरला अर्धा चमचा लिंबूसत्व घाला, अर्धा तास ठेवा, आणि पट्टीने ६ च्या आसपास आलं की वापरा. पण हा उपाय उन्हाळ्यापुरताच धरा. मातीतले जिवाणू लिंबूसत्व खाऊन टाकतात आणि क्षारता बरीचशी परत येते. बॅटरीचं ॲसिड पातळ करून घालायचा सल्ला कुणी दिला तर ऐकू नका, चूक एका थेंबाची असते आणि डोळा कायमचा जातो.

७. लावणी

दोन चांगले पाऊस पडून हवा निवली की लावा, म्हणजे साधारण जुलैच्या सुरुवातीपासून. रोप निवडताना नवी पालवी पाहा. कोवळी पानंच पिवळी असतील तर ते रोप आधीच आजारी आहे, फुलं कितीही असोत.

काळ्या थैलीतल्या गोळ्यात बहुधा चिकट माती असते. तो गोळा तसाच पुरला तर मुळं त्याच चुनकट मातीत अडकून राहतात. गोळा पाण्यात तासभर ठेवा आणि बाहेरची एक तृतीयांश माती बोटांनी हलकेच सोडवा. सगळी धुऊ नका, अनंताला मुळं उघडी पडलेली खपत नाहीत. रोप वाफ्याच्या पातळीपेक्षा बोटभर उंच लावा, आळं करू नका. या झाडांची मुळं वरच्या थरातच असतात, म्हणून तिथे खुरपं चालवायचं नाही, तण हाताने उपटायचं.

वर दोन इंच वाळलेली पानं किंवा नारळाच्या सोडणांचे तुकडे पसरा, खोडापासून चार बोटं दूर. पांढरे गोटे घालून सजवायची इथे फार आवड आहे. ते संगमरवराचे असतील तर ती चुनखडीच आहे, आणि प्रत्येक पाण्याला थोडी विरघळते. कुंड्यांना आणि वाफ्याच्या विटांना चुना-गेरू मारायचा तो इतर कुंड्यांना मारा.

पहिले सहा आठवडे खत नाही. नंतर पावसाळ्यात महिन्यातून एकदा लिटरला १ ग्रॅम अमोनियम सल्फेट, तेही माती ओली असताना. बस.

८. पुढची देखरेख

सामू वर्षातून दोनदा तपासा, मेअखेर आणि दिवाळीनंतर. ६ च्या वर सरकला असेल तर मेच्या तपासणीनंतर दर चौरस फुटाला ५ ग्रॅम गंधक वरच्या थरात मिसळा आणि पावसावर सोडा. दिवाळीत घातलेला गंधक थंडीत पडून राहतो. मातीवर पांढरी पापडी दिसली तर दोष पाण्याचा आहे.

पान पिवळं दिसलं म्हणून लगेच औषध नको. कोवळं पान पिवळं आणि शिरा हिरव्या असतील तर लोह कमी पडतंय: सामू तपासा, आणि तोवर चिलेटेड लोह (चुन्यात कुलूपबंद होऊ नये म्हणून दुसऱ्या रेणूत धरून ठेवलेलं) द्या. ईडीटीए प्रकारचं चिलेट साधारण ६.५ सामूपर्यंतच टिकतं. माती त्यापेक्षा वर गेली असेल तर ईडीडीएचए प्रकारचं घ्या, महाग असलं तरी. हिराकस चुनखडीच्या मातीत ओतलं तर बघता बघता गंजाचा डाग होऊन बसतं. खालची जुनी पानं सरसकट पिवळी होत असतील तर नत्र कमी आहे. संपूर्ण झाड ओल्या मातीतही कोमेजलं असेल तर मुळं कुजताहेत, निचरा पाहा. आणि डिसेंबर-जानेवारीत अनंताची काही पानं पिवळी पडली तर काहीही करू नका. थंड मातीत मुळं लोह कमी उचलतात. फेब्रुवारीअखेर नवी पालवी हिरवी आली की समजा माती ठीक आहे.

मार्चअखेर ५० टक्के सावली देणारी हिरवी जाळी बांधा, जूनच्या पहिल्या पावसानंतर सोडा.